शिरेआ, गाएतानो

शिरेआ, गाएतानो : (२५ मे १९५३ – ३ सप्टेंबर १९८९). इटलीचा फुटबॉलपटू, ‘लिबेरो’ या जागेवर खेळणाऱ्या जगातील श्रेष्ठ बचावपटूंपैकी एक. युव्हेंतुस या तुरिनच्या संघाकडून १४ हंगामांत ५५२ सामने व ३२ गोल. इटलीकडून ७८ सामने व २ गोल. १९८२ च्या विश्वविजेत्या इटालियन संघाचा आधारस्तंभ. संपूर्ण व्यावसायिक कारकिर्दीत त्याला एकदाही लाल कार्ड मिळाले नाही. बचावपटूच्या बाबतीत ही नोंद असाधारण मानली जाते.

पूर्वायुष्य : मिलानजवळील चेर्नुस्को सुल नाविल्यो येथे जन्म. कुटुंब मूळचे सिसिलीचे. बेर्गामोच्या आतालान्ता क्लबात तो घडला. सुरुवातीला तो पुढच्या फळीत व मधल्या फळीत खेळे. मागच्या जागेवर तो नंतर आला. २४ सप्टेंबर १९७२ रोजी काल्यारीविरुद्ध इटलीच्या पहिल्या श्रेणीत (सेरिए आ) पदार्पण. त्या हंगामाअखेर आतालान्ताची दुसऱ्या श्रेणीत घसरण झाली. १९७४ मध्ये युव्हेंतुसने त्याला घेतले.

लिबेरोची जागा : शिरेआचे महत्त्व समजण्यासाठी ही जागा समजून घेणे आवश्यक आहे. १९६० च्या दशकात इटलीतील अनेक संघ ‘कातेनाच्चो’ पद्धतीने खेळत. कातेनाच्चो म्हणजे दाराचा अडसर. या पद्धतीत प्रत्येक बचावपटूकडे प्रतिस्पर्ध्यांचा एकेक आक्रमक नेमून दिलेला असे आणि तो त्याला सावलीसारखा चिकटे. या सर्वांच्या मागे, गोलरक्षकाच्या पुढे, एक जण कोणाच्याही पाठी न लागता मोकळा राही. तोच लिबेरो, शब्दशः ‘मोकळा’. एखादा आक्रमक निसटला, पुढच्याची चूक झाली, चेंडू फळीमागे पडला, की ते निस्तरणे हे त्याचे काम. इंग्रजीतून रूढ झालेला ‘स्वीपर’ हा शब्द या कामाचा झाडलोटीचा भाग तेवढा सांगतो. इंटर मिलानचा आर्मांदो पिक्की हा या जुन्या वळणाचा नमुनेदार लिबेरो होता.

जर्मनीच्या फ्रान्ट्स बेकेनबाउअरने या जागेचा दुसरा उपयोग दाखवून दिला. ज्याच्यावर कोणा एकाला रोखण्याचे बंधन नाही, त्याच्यावर नजर ठेवायलाही प्रतिस्पर्ध्यांकडे कोणी नसते. त्यामुळे चेंडू हाती लागताच लिबेरो मैदानाच्या मध्यातून सरळ चढाई करू शकतो आणि तेवढ्यापुरता मधल्या फळीत एक गडी वाढतो. शिरेआने हे दोन्ही वारसे एकत्र आणले. मूळचा मधल्या फळीतला असल्याने त्याचा पहिला स्पर्श मऊ आणि पास अचूक होता. चेंडू लांब भिरकावून संकट टाळण्यापेक्षा शिरेआ तो ताब्यात घेई, मान वर करून पाही आणि जवळच्या सहकाऱ्याला देई. क्लबाकडून केलेले ३२ गोल हे या चढायांचे फळ.

त्याच्या बचावाचा पाया अंदाजावर होता. पास निघण्याआधी त्याची वाट ओळखून तो तिच्यावर येऊन उभा राही. त्यामुळे घसरत जाऊन पाय घालण्याची वेळ त्याच्यावर क्वचितच येत असे. त्याचा खेळ इतका स्वच्छ कसा राहिला, याचे उत्तर पुष्कळ अंशी येथे आहे. मात्र त्याच्या सोबतीचाही विचार केला पाहिजे. युव्हेंतुस व इटली या दोन्ही संघांत त्याच्या पुढे क्लाउदिओ जेन्तीले असे. आक्रमकाला कपड्यांना धरून रोखण्याचे कठोर काम तो करी. शिरेआला मोकळे राहता आले, त्यात जेन्तीलेचा वाटा मोठा आहे. डाव्या बाजूने आन्तोनिओ काब्रीनी आणि गोलात दिनो झॉफ, अशी ही चौकडी क्लबात व देशाच्या संघातही वर्षानुवर्षे एकत्र खेळली.

युव्हेंतुस (१९७४–८८) : सान्द्रो साल्वादोरेच्या निवृत्तीनंतर रिकामी झालेली जागा त्याला मिळाली आणि पहिल्याच हंगामात लीगचे विजेतेपद. १९७६ मध्ये जोव्हान्नी त्रापात्तोनी प्रशिक्षक झाला. पुढची दहा वर्षे हा या क्लबाच्या भरभराटीचा काळ. १९७६–७७ मध्ये ३० सामन्यांत ६० पैकी ५१ गुण मिळवून युव्हेंतुसने शहरातल्याच तोरिनोला एका गुणाने मागे टाकले. त्याच वर्षी आथ्लेतिक बिल्बाओला हरवून यूएफा चषक जिंकला. शिरेआच्या काळात एकूण सात लीग विजेतेपदे (१९७५, ७७, ७८, ८१, ८२, ८४, ८६) व दोन इटालियन चषक (१९७९, ८३).

२५ मे १९८३ रोजी, त्याच्या तिसाव्या वाढदिवशी, अथेन्स येथे युरोपीय चषकाच्या अंतिम सामन्यात हाम्बुर्गने युव्हेंतुसला १–० असे हरवले. पुढच्या वर्षी बाझेल येथे पोर्तोवर २–१ अशी मात करून चषकविजेत्यांचा चषक मिळाला. ज्युसेप्पे फुरीनोनंतर १९८४ मध्ये तो कर्णधार झाला. जानेवारी १९८५ मध्ये लिव्हरपूलविरुद्ध सुपर चषक, मे महिन्यात युरोपीय चषक, आणि ८ डिसेंबर १९८५ रोजी तोक्यो येथे आर्जेन्तिनोस ज्युनियर्सला पेनल्टी फटक्यांवर हरवून आंतरखंडीय चषक. त्याबरोबर क्लबाला मिळण्याजोगे प्रत्येक प्रमुख आंतरराष्ट्रीय विजेतेपद शिरेआच्या नावावर जमा झाले.

हेझल : २९ मे १९८५ च्या युरोपीय चषकाच्या अंतिम सामन्यापूर्वी ब्रसेल्सच्या हेझल मैदानावर लिव्हरपूलच्या समर्थकांनी शेजारच्या विभागावर चाल केली. चेंगराचेंगरीत व भिंत कोसळून ३९ जण मृत्युमुखी पडले. त्यांतील बहुतेक इटालियन होते. प्रेक्षकांना शांत करण्यासाठी दोन्ही कर्णधारांनी ध्वनिक्षेपकावरून निवेदन केले. पोलिसांना मैदान रिकामे करण्याची व्यवस्था करता यावी म्हणून सामना होईल, शांत राहा, चिथावणीला उत्तर देऊ नका, अशा आशयाचे शिरेआचे शब्द होते. मिशेल प्लातिनीच्या पेनल्टीवर युव्हेंतुसने १–० असा विजय मिळवला. सामना खेळवावा की नाही, तसेच ती पेनल्टी योग्य होती की नाही, यांविषयी मतभेद आहेत.

राष्ट्रीय संघ : पदार्पण ३० डिसेंबर १९७५, ग्रीसविरुद्ध. १९७८ च्या विश्वचषकात व १९८० च्या युरोपीय स्पर्धेत इटली चौथ्या क्रमांकावर राहिली.

१९८२ च्या विश्वचषकात (स्पेन) पोलंड, पेरू व कॅमेरून यांच्याशी बरोबरी साधून इटली कशीबशी पुढच्या फेरीत गेली. प्रशिक्षक एन्झो बेआर्झोत यांच्यावर देशात सडकून टीका झाली. त्यानंतर आर्जेन्टिना (२–१), ब्राझील (३–२) आणि उपांत्य सामन्यात पोलंड (२–०) यांना इटलीने नमवले. ब्राझीलविरुद्ध फुल्व्हिओ कोल्लोव्हाती जखमी होऊन बाहेर गेला आणि अठरा वर्षांचा ज्युसेप्पे बेर्गोमी आत आला. नवख्या मुलासह फळी सांभाळण्याची जबाबदारी शिरेआवर होती.

माद्रिद येथे ११ जुलै रोजी पश्चिम जर्मनीविरुद्धच्या अंतिम सामन्यातील इटलीचा दुसरा गोल हा शिरेआच्या कलेचा सर्वांत चांगला पुरावा होय. इटली १–० ने आघाडीवर होती. जुन्या शिकवणुकीप्रमाणे अशा वेळी लिबेरोने आपल्या गोलाजवळ उभे राहायचे. शिरेआ जर्मनीच्या पेनल्टी क्षेत्रात होता. तेथे त्याने दुसऱ्या बचावपटूशी, बेर्गोमीशी, घाई न करता चेंडूची देवाणघेवाण केली. जर्मन बचाव त्यांच्याकडे ओढला गेल्यावर त्याने क्षेत्राच्या कडेला आलेल्या मार्को तार्देल्लीला पास दिला. तार्देल्लीने डाव्या पायाने गोल केला. मुठी आवळून, ओरडत धावणारा तार्देल्ली जगाच्या लक्षात राहिला. ती चाल मात्र दोन बचावपटूंनी घडवली होती, आणि ती तशी लक्षात ठेवायला हवी. इटलीने सामना ३–१ असा जिंकला. त्या रात्री बाहेरच्या जल्लोषात फार वेळ न थांबता आपण आणि शिरेआ हॉटेलच्या खोलीत परतलो, अशी आठवण कर्णधार झॉफने पुढे सांगितली आहे. दोघे दौऱ्यांवर एकाच खोलीत राहत.

फ्रान्को बारेसी हा पुढे मोठा झालेला लिबेरो १९८२ च्या संघात होता. पण शिरेआमुळे त्याला एकही सामना खेळायला मिळाला नाही. १९८६ च्या विश्वचषकात शिरेआ कर्णधार होता. १७ जून रोजी फ्रान्सकडून ०–२ असा पराभव झाला. तो त्याचा अखेरचा आंतरराष्ट्रीय सामना.

मृत्यू : १९८८ मध्ये निवृत्त होऊन तो युव्हेंतुसमध्ये झॉफचा सहायक प्रशिक्षक झाला. यूएफा चषकातील प्रतिस्पर्धी गुर्निक झाब्झे या संघाचा खेळ पाहण्यासाठी तो पोलंडला गेला होता. ३ सप्टेंबर १९८९ रोजी परतताना बाब्स्क गावाजवळ त्याच्या मोटारीला अपघात झाला. इंधनटंचाईमुळे गाडीत पेट्रोलचे डबे ठेवलेले होते. त्यांनी पेट घेतला. तो ३६ वर्षांचा होता. इटलीला ही बातमी रविवारच्या क्रीडा कार्यक्रमात दूरचित्रवाणीवरून समजली. त्या वेळी तार्देल्ली तेथे पाहुणा म्हणून बसलेला होता. युव्हेंतुसने गुर्निकला हरवले आणि त्या हंगामात तो चषक जिंकला.

मूल्यमापन : १९८० च्या दशकाच्या उत्तरार्धात आरिगो साक्की यांच्या मिलान संघाने एका रेषेत पुढे सरकणारा, क्षेत्र वाटून घेणारा बचाव रूढ केला. त्यात मागे एकटा मोकळा खेळाडू ठेवण्यास जागा उरली नाही, आणि पुढील काळात लिबेरो नाहीसा झाला. तरीही मागून चेंडू घेऊन चढणारा, पासने खेळ उभारणारा मध्य बचावपटू आज प्रत्येक मोठ्या संघाला हवा असतो. ते काम शिरेआने अत्यंत शांतपणे, प्रतिस्पर्ध्याला इजा न करता करून दाखवले.

कुटुंब : पत्नी मारिएल्ला पुढे इटलीच्या संसदेची सदस्य झाली. एक मुलगा.

स्मृती : तुरिनमध्ये युव्हेंतुसच्या मैदानातील दक्षिण प्रेक्षागार व मैदानालगतचा रस्ता यांना त्याचे नाव आहे. आदर्श कारकीर्द व खिलाडूवृत्ती यांसाठी इटलीतील खेळाडूंना १९९२ पासून त्याच्या नावाचा पुरस्कार दिला जातो.