विदर्भाचे आदिराजे

बुलढाणा जिल्ह्यातील रोहिणखेड येथे १४३७ साली बहामनी आणि खानदेशी सैन्यांची लढाई झाली. तेथील मशीद १५८२ सालची आहे. येथवर सनावळीचा आधार मिळतो. परंतु ज्या विदर्भात हे गाव वसले आहे, त्याचे आदिराजे कोण, असे विचारू जाता पुराणांखेरीज गती उरत नाही.

यादव कुळातील निपुत्रिक ज्यामघाने युद्धात हाती लागलेली राजकन्या रथात बसवून घरी आणली. शैब्या राणीने जाब विचारताच तो गांगरून म्हणाला, ही तुझी सून! पुढे राणीस खरोखरच पुत्र झाला, तोच विदर्भ. कथा रसाळ खरी. पण देशाच्या नावावरून राजा कल्पिला असावा, ही शंका राहतेच.

मग सारेच टाकून द्यावे काय? प्राचीन सुमेरची राजावली येथे उद्बोधक ठरते. तीत पहिला राजा अलुलिम २८,८०० वर्षे राज्य करतो आणि जलप्रलयापूर्वीच्या आठ राजांचा काळ २,४१,२०० वर्षे भरतो! किश नगरीच्या एन्मेबारागेसीस तीत ९०० वर्षे दिली आहेत. तथापि त्याच्या नावाचे प्राचीन पात्रलेख सापडले. अर्थात वर्षे खोटी, पण राजा खरा. राज्यसत्ता एका वेळी एकाच नगरीत नांदते, हे ठसविण्यासाठी त्या यादीने समकालीन घराणीही एकापाठोपाठ एक मांडली.

आपल्याकडेही हाच न्याय लावावयास हवा. रुक्मिणीहरणानंतर पराभूत रुक्मीने भोजकट वसविले, असे पुराणे सांगतात. वाकाटक नृपती दुसरा प्रवरसेन याच्या चम्मक ताम्रपटात भोजकट राज्याचा उल्लेख आहे. त्यावरून स्थळ सिद्ध होते, रुक्मी नव्हे. उलट १९३९ साली तेव्हाच्या अकोला जिल्ह्यात तऱ्हाळे येथे सातवाहनांची नाणी सापडली. त्यांवरील कुंभ व कर्ण सातकर्णी ही नावे पुराणांच्या यादीत नाहीतच.

म्हणजे यादी कोठे अधिक बोलते, तर कोठे मौन धरते. तिच्यावर सरसकट विश्वास ठेवणारा अभिमानी आणि तिला सरसकट थोतांड म्हणणारा पंडित, दोघेही तपासणीचे कष्ट चुकवितात. प्रत्येक नावास स्वतंत्र साक्ष मागावी, आणि ती मिळेतोवर निर्णय राखून ठेवावा; पूर्वजांचा खरा आदर यातच आहे.