किरण नगरकर : दोन भाषांचा, अनेक वाटांचा कादंबरीकार

इतिहास, प्रहसन, पुराणकथा आणि हिंदी चित्रपट यांची सरमिसळ करीत कादंबरीचा साचा मोडणाऱ्या भारतीय लेखकांत किरण नगरकर यांचे नाव अग्रक्रमाने घेतले जाते. त्यांचा जन्म 1942 मध्ये मुंबईत झाला. प्राथमिक शिक्षणाची पहिली चार वर्षे मराठीतून व पुढील सर्व शिक्षण इंग्रजीतून झाले, तरी त्यांनी लेखनाला प्रारंभ केला तो मराठीतच. चरितार्थासाठी अनेक वर्षे त्यांनी जाहिरात क्षेत्रात काम केले.

'सात सक्कं त्रेचाळीस' ही त्यांची पहिली कादंबरी 1974 मध्ये मौज प्रकाशनाने प्रसिद्ध केली. सलग कथानक नाकारून तुकड्यातुकड्यांतून उलगडणाऱ्या या कादंबरीने मराठी गद्याला वेगळे वळण दिले. ह. ना. आपटे पुरस्कारही तिला लाभला.

त्यानंतर महाभारताच्या आधारे लिहिलेले 'बेडटाइम स्टोरी' हे नाटक सेन्सॉरने सुचविलेली काटछाट आणि हिंदुत्ववादी संघटनांचा विरोध यांमुळे सुमारे 17 वर्षे रंगमंचावर येऊ शकले नाही.

'रावण अँड एडी' (1994) या कादंबरीचा प्रारंभ मराठीत झाला होता. ती पूर्ण झाली इंग्रजीत. माझगावच्या चाळीतील एक हिंदू व एक ख्रिस्ती मुलगा यांची ही विनोदी, तितकीच करुण कथा आहे. पाण्यासाठी होणारी भांडणे, गोव्यातील पोर्तुगीज आणि हिंदी चित्रपट यांवरील निबंधवजा प्रकरणे लेखक कथेच्या मध्येच आणतो. नायकांचा पुढील प्रवास 'द एक्स्ट्राज' (2012) व 'रेस्ट इन पीस' (2015) या कादंबऱ्यांत येतो.

1997 मध्ये आलेली 'ककोल्ड' ही त्यांची सर्वाधिक गौरवलेली कादंबरी. मीराबाईचा पती, मेवाडचा युवराज तिचा नायक आहे. ज्याची पत्नी देवालाच पती मानते, त्या माणसाचे दुःख आणि बाबराच्या स्वारीच्या काळातील राजकारण लेखकाने आधुनिक बोलीत मांडले. या कादंबरीला 2000 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. रेखा सबनीस यांनी ती 'प्रतिस्पर्धी' या नावाने मराठीत आणली.

धर्मांधतेचा वेध घेणारी 'गॉड्स लिटल सोल्जर' 2006 मध्ये प्रसिद्ध झाली. जर्मनीत त्यांना मोठा वाचकवर्ग लाभला. 2012 मध्ये त्या देशाने 'ऑर्डर ऑफ मेरिट' देऊन त्यांचा सन्मान केला.

इंग्रजीकडे वळल्याबद्दल मराठी साहित्यवर्तुळातून त्यांच्यावर टीका झाली आणि त्याची खंत ते बोलून दाखवीत. दोन्ही भाषा आपल्याच आहेत, अशी त्यांची धारणा होती. कबीराला आजच्या काळात आणणारी 'द आर्सनिस्ट' ही कादंबरी 2019 मध्ये प्रसिद्ध झाली. त्याच वर्षी 5 सप्टेंबर रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.