फ्रान्को बारेसी : इमान नेमकं कुणाशी?

एका जागी टिकून राहणाऱ्या माणसाला आपण मराठीत निष्ठावंत म्हणतो, वफादार म्हणतो, इमानदारही म्हणतो. तिन्ही शब्द एकाच अर्थाचे समजून एकमेकांच्या जागी वापरतो. पण कान देऊन ऐकलं तर त्यांत फरक आहे. निष्ठा बहुतेक वेळा वर पाहून वाहिली जाते, नेत्यावर, पक्षावर, मालकावर. इमान राखावं लागतं, आणि ते खाल्ल्या मिठाशी, दिलेल्या शब्दाशी, हातातल्या कामाशी. इटलीचा फुटबॉलपटू फ्रान्को बारेसी याची कारकीर्द वाचताना मला हा फरक पुन्हा पुन्हा जाणवतो. वीस हंगाम एकाच क्लबकडून खेळलेला हा बचावपटू नेमका कुणाशी इमान राखून होता?

बारेसीचा जन्म ८ मे १९६० रोजी उत्तर इटलीतल्या ब्रेशा प्रांतातल्या त्रावाल्यातो गावी झाला. किशोरवयातच आई गेली, काही वर्षांत वडीलही गेले. थोरला भाऊ ज्युसेप्पे मिलान शहरातल्या इंटर क्लबमध्ये दाखल झाला होता. फ्रान्कोनेही तिथेच चाचणी दिली, पण अंगाने किरकोळ म्हणून त्याला नाकारण्यात आलं. मग त्याच शहरातल्या दुसऱ्या क्लबने, एसी मिलानने, त्याला घेतलं. पुढे कित्येक वर्षं शहराच्या डर्बी सामन्यात हे दोन सख्खे भाऊ समोरासमोर उभे राहिले. संघातली मंडळी फ्रान्कोला मिलानी बोलीत ‘पिशिनिन’ म्हणत. अर्थ सरळ आहे, लहानगा.

२३ एप्रिल १९७८ रोजी, अठरा वर्षं पूर्ण व्हायच्या आत, तो पहिला सामना खेळला. पुढच्याच हंगामात मिलानने आपलं दहावं लीग विजेतेपद मिळवलं. क्लबचा लाडका जानी रिवेरा त्याच वर्षी निवृत्त झाला आणि बचावाच्या मागे उभा राहणारा हा पोरगा डोळ्यांत भरला. सगळं सुरळीत चाललं होतं.

मग १९८० साल आलं. रोममधला फळांचा एक घाऊक व्यापारी आणि त्याचा हॉटेलवाला साथीदार थेट सरकारी वकिलाकडे गेले. सामने हरण्या-जिंकण्यासाठी खेळाडूंना पैसे दिले, पण त्यांनी शब्द पाळला नाही, अशी त्यांची तक्रार होती! त्यातून ‘तोतोनेरो’ नावाने ओळखलं जाणारं प्रकरण बाहेर पडलं. २३ मार्च १९८० रोजी पोलिसांनी स्टेडियममधून खेळाडूंना उचललं. मिलानचे अध्यक्ष फेलिचे कोलोम्बो आणि अनुभवी गोलरक्षक एन्रिको अल्बेर्तोसी यांच्यावर बंदी आली. मिलान आणि लाझिओ या क्लबना दुसऱ्या श्रेणीत ढकलण्यात आलं.

ही शिक्षा कुणी भोगली? गुन्हा वरच्यांचा होता. भोगली ती रविवारची सुट्टी आणि पगारातले पैसे खर्चून स्टेडियमात येणाऱ्या लोकांनी, आणि ज्यांचा या व्यवहाराशी काही संबंध नव्हता त्या पोरांनी. निष्ठेची मागणी नेहमी खालच्यांकडून होते, विक्री मात्र वरून होते. हे केवळ फुटबॉलपुरतं खरं आहे असं मला वाटत नाही.

बारेसी थांबला. पण इथे भावनेच्या भरात जाऊन चालणार नाही. त्या काळी इटलीत करार संपला तरी खेळाडू क्लबचाच राहत असे. क्लबने सोडलं तर जायचं, नाहीतर नाही. १९८१ मध्ये कायदा करून हे बंधन टप्प्याटप्प्याने काढायचं ठरलं. करार संपल्यावर युरोपीय देशांत खेळाडूला मोकळेपणाने जाता यावं, हा बोस्मन खटल्याचा निकाल तर थेट डिसेंबर १९९५ मध्ये लागला. म्हणजे १९८० साली वीस वर्षांच्या मुलाचं थांबणं ही पूर्णपणे त्याची मर्जी होती असं म्हणता येत नाही. दावणीला बांधलेल्या बैलाला आपण इमानी म्हणत नाही.

खरी कसोटी दोन वर्षांनी लागली. मिलान वर आला आणि १९८२ मध्ये पुन्हा खाली गेला. यावेळी कोर्टाने नव्हे, खराब खेळाने. त्या हंगामात बारेसी रक्ताच्या आजाराने काही महिने मैदानाबाहेर होता. त्याच उन्हाळ्यात इटलीने स्पेनमध्ये विश्वचषक जिंकला. बारेसी संघात होता, पण एक मिनिटही खेळला नाही, कारण त्याच्या जागी गाएतानो शिरेआ होता. मिलानचाच दुसरा बचावपटू फुल्व्हिओ कोलोवाती अंतिम सामन्यात खेळला, जगज्जेता झाला आणि मिलान सोडून शेजारच्या इंटरमध्ये गेला. बारेसी विश्वविजयाचं पदक घेऊन दुसऱ्या श्रेणीत परतला. बावीसाव्या वर्षी त्याच्या दंडावर कर्णधाराची पट्टी आली.

मी कोलोवातीला गद्दार म्हणणार नाही. खेळाडूचं आयुष्य दहा-बारा वर्षांचं. ऐन उमेदीत त्याने चांगली जागा शोधली तर त्यात पाप कसलं? एकाचं थांबणं मोठं ठरवण्यासाठी दुसऱ्याचं जाणं हलकं ठरवायची गरज नसते. पण बारेसीच्या थांबण्याचं मोल याच तुलनेत कळतं. सोबतचा माणूस निघून गेलेला दिसत असताना तो राहिला, आणि राहिला तेव्हा पुढे काय मिळणार याची कसलीही हमी नव्हती.

१९८३ मध्ये संघ वर आला. फेब्रुवारी १९८६ मध्ये सिल्व्हिओ बर्लुस्कोनी यांनी क्लब विकत घेतला. १९८७ मध्ये प्रशिक्षक आरिगो साकी आले आणि बारेसीच्या कामाचं स्वरूप बदललं. इटलीत तोवर ‘लिबेरो’ म्हणजे सगळ्यांच्या मागे मोकळा फिरणारा, निसटलेला चेंडू टिपणारा बचावपटू. साकींनी चार बचावपटू एका रेषेत उभे केले. तास्सोत्ती, कोस्ताकुर्ता, बारेसी आणि तरुण पाओलो मालदिनी. ही रेषा मागे सरकण्याऐवजी पुढे यायची आणि विरोधी आघाडीवीर ऑफसाइडमध्ये सापडायचे. कधी पुढे यायचं, कधी थांबायचं, हे बारेसी ठरवायचा. उंची जेमतेम १७६ सेंटिमीटर. ताकदीत आणि उडीत त्याला मागे टाकणारे पुष्कळ होते, पण चेंडू कुठे येणार हे तो आधी ओळखायचा.

१९८९ आणि १९९० असे सलग दोन युरोपियन कप मिलानने जिंकले. १९८९ मध्ये युरोपातल्या सर्वोत्तम खेळाडूच्या निवडीत पहिला व्हान बास्टन, दुसरा बारेसी आणि तिसरा रायकार्ड, तिघेही मिलानचे. १९९१-९२ चा लीग हंगाम संघाने एकही सामना न हरता पूर्ण केला. १९९३-९४ मध्ये तर ३४ सामन्यांत केवळ ३६ गोल करूनही मिलान विजेता ठरला, कारण त्याने खाल्ले फक्त १५.

हे वैभव बर्लुस्कोनींच्या पैशाने आलं, हे नाकारण्यात अर्थ नाही. त्याच वैभवाच्या शिडीवरून ते १९९४ मध्ये देशाचे पंतप्रधान झाले. पक्षाचं नावही त्यांनी मैदानातल्या घोषणेवरून ठेवलं, ‘फोर्झा इटालिया’. म्हणून बारेसीच्या एकनिष्ठेला मालकाची चाकरी म्हणावं का? माझं उत्तर नाही असं आहे. मालक आला १९८६ मध्ये. बारेसीने आपला निर्णय त्याच्या चार वर्षं आधी, दुसऱ्या श्रेणीच्या मैदानांवर घेतला होता.

त्याच १९९४ च्या उन्हाळ्यात अमेरिकेत विश्वचषक झाला. २३ जूनला नॉर्वेविरुद्ध बारेसीच्या गुडघ्यातली कूर्चा फाटली. शस्त्रक्रिया झाली. चौतीस वर्षांच्या माणसाची स्पर्धा तिथेच संपली असं सगळ्यांनी धरलं. पण १७ जुलैला पासाडेनाच्या अंतिम सामन्यात तो कर्णधार म्हणून उतरला. आपल्याकडे तेव्हा मध्यरात्र उलटून गेली होती. रोमारिओ आणि बेबेतो समोर होते, ऊन रणरणत होतं, आणि १२० मिनिटांत ब्राझीलला एकही गोल करता आला नाही. त्यानंतरच्या पेनल्टीत इटलीचा पहिला फटका बारेसीने घेतला. चेंडू बारवरून गेला. जगाला रॉबेर्तो बाज्जोची शेवटची चूक आठवते, पण चुकण्याची सुरुवात बारेसीपासून झाली होती. सामना संपल्यावर तो लहान मुलासारखा रडला. हरला म्हणून त्या दिवशी त्याने केलेलं काम पुसलं जात नाही.

१९९७ मध्ये तो निवृत्त झाला. मिलानसाठी ७१९ सामने, सहा लीग विजेतेपदं. क्लबने त्याचा सहा क्रमांक पुन्हा कुणालाही न देण्याचं ठरवलं.

एक प्रश्न मला अस्वस्थ करतो. मिलान १९८३ नंतरही तसाच रखडला असता, पैसेवाला मालक आलाच नसता, तर बारेसीचं नाव आज किती जणांना माहीत असतं? इमानाचं कौतुक आपण बहुधा तेव्हाच करतो, जेव्हा त्याच्या शेवटी चषक असतो. पडत्या क्लबात, बंद पडत चाललेल्या शाळेत, डबघाईला आलेल्या गिरणीत शेवटपर्यंत राहिलेल्या माणसांना आपण भोळे म्हणून मोकळे होतो.

त्यामुळे बारेसीची गोष्ट सांगायची तर ती १९८९ च्या चषकापासून सांगू नये. ती १९८२ च्या उन्हाळ्यापासून सांगावी. अध्यक्षाने विकलेला, कोर्टाने शिक्षा दिलेला, पुन्हा खाली गेलेला क्लब. समोर कुठलंही वचन नाही. आणि बावीस वर्षांचा एक किरकोळ पोरगा दंडाला पट्टी बांधून लहान गावांतल्या मैदानांवर खेळायला निघाला आहे. मालकाशी, अध्यक्षाशी त्याचं काही देणंघेणं नव्हतं. स्टेडियमात येऊन बसणाऱ्या लोकांशी आणि आपल्या कामाशी होतं. मराठीत यालाच इमान म्हणतात.