देवी प्रसाद

देवी प्रसाद (जन्म : डेहराडून, १९२१, मृत्यू : २०११) हे भारतीय चित्रकार, कुंभकार व कलाशिक्षक होते. शांतिनिकेतनच्या कलाभवनात नंदलाल बोस यांच्याकडे शिकून ते १९४४ साली वर्धा जिल्ह्यातील सेवाग्राम येथे कलाशिक्षक म्हणून आले.

सेवाग्रामच्या नयी तालीम शिक्षणाचा पाया उत्पादक हस्तोद्योग हा होता. कातलेले सूत मोजता येते, मुलाचे चित्र मोजता येत नाही. तेव्हा अशा शाळेत चित्रकलेचे स्थान कोणते, हा प्रश्न त्यांच्यापुढे होता. मुलांना मोठ्यांची चित्रे गिरवायला लावू नयेत, त्यांची स्वयंस्फूर्त निर्मिती हाच शिक्षणाचा गाभा मानावा, असे त्यांचे मत झाले. निर्मितीची वाट अडली की माणूस हिंसेकडे वळतो, हा विचार रवींद्रनाथ, गांधीजी व हर्बर्ट रीड यांच्या आधारे त्यांनी ‘आर्ट : द बेसिस ऑफ एज्युकेशन’ या ग्रंथात मांडला. त्यामुळे १९६२ साली सेवाग्राम सोडून त्यांनी लंडनमध्ये ‘वॉर रेझिस्टर्स इंटरनॅशनल’ या युद्धविरोधी संघटनेचे सरचिटणीसपद स्वीकारले, ते कलेपासून दूर जाणे ठरत नाही.

१९८३ मध्ये ते भारतात परतले. २०१० साली दिल्लीच्या ललित कला अकादमीत भरलेल्या त्यांच्या सिंहावलोकनी प्रदर्शनात चित्रांबरोबर छायाचित्रे आणि मातीची भांडीही होती.