शमुवेल (हिब्रू पुरुषनाम)

हिब्रू भाषेतील एक प्राचीन पुरुषनाम. मराठी बायबलमध्ये ते ‘शमुवेल’ असे लिहिले जाते. मूळ हिब्रू उच्चार ‘शमूएल’ असा आहे. हिब्रूत ते शीन, मेम, वाव, आलेफ व लामेद ह्या पाच अक्षरांनी लिहितात. ग्रीक व लॅटिन भाषांमधून ते यूरोपात ‘सामुएल’ व इंग्रजीत ‘सॅम्युएल’ झाले. कोकणातील बेने इझ्राएल समाजात त्याचे ‘सामाजी’ हे रूप रूढ होते. इ. स. पू. अकराव्या शतकात होऊन गेलेला आणि शौल व दावीद ह्या राजांना अभिषेक करणारा संदेष्टा शमुवेल हा ह्या नावाचा सर्वांत प्रसिद्ध धारक होय. व्याकरणाच्या दृष्टीने निघणारा ह्या नावाचा अर्थ आणि बायबलमधील कथेने सांगितलेला अर्थ एकमेकांशी जुळत नाहीत. ह्या दोहोंचा वेगवेगळा विचार केल्यासच नावाचा इतिहास स्पष्ट होतो.

व्युत्पत्ती : ‘शेम’ म्हणजे नाव व ‘एल’ म्हणजे देव हे ह्या नावाचे दोन घटक आहेत, असे बहुतेक भाषाभ्यासक मानतात. ‘शेम’ हा शब्द सेमिटिक भाषाकुलात सर्वत्र आढळतो. अकेडियन भाषेतील ‘शुमु’ आणि अरबीतील ‘इस्म’ ही त्याचीच सगोत्र रूपे होत. पुढे परमेश्वराचे नाव उच्चारण्याचे टाळून त्याऐवजी ‘हाशेम’ म्हणजे ‘ते नाव’ असे म्हणण्याचा प्रघात ज्यू लोकांत पडला. त्यातही हाच शब्द आहे. ‘एल’ हा शब्द कोणत्याही देवाचा वाचक आहे. त्याचप्रमाणे तो एका विशिष्ट देवाचे नावही आहे. सिरियाच्या किनाऱ्यावरील उगारित येथे सापडलेल्या इ. स. पू. चौदाव्या व तेराव्या शतकांतील मृत्तिकालेखांत एल हा देवमंडळाचा प्रमुख म्हणून येतो.

दोन घटकांना जोडणाऱ्या ‘ऊ’ ह्या स्वराचा उलगडा दोन प्रकारे करण्यात येतो. एका मताप्रमाणे तो हिब्रूतून पुढे लुप्त झालेल्या प्रथमा विभक्तीच्या प्रत्ययाचा अवशेष असून ‘पनुएल’ (देवाचे मुख) ह्या स्थळनामातही तो टिकून राहिला आहे. त्यानुसार शमूएल म्हणजे ‘देवाचे नाव’. दुसऱ्या मताप्रमाणे तो ‘त्याचे’ ह्या अर्थाचा सर्वनामप्रत्यय असून नावाचा अर्थ ‘एल हे त्याचे नाव’ असा होतो. अकेडियन ‘शुमु’ ह्या शब्दाला ‘वंशज’ असाही अर्थ आहे. मराठीत ‘वंशाचे नाव चालविणे’ ह्या प्रयोगात ‘नाव’ ह्या शब्दाला जी छटा येते, ती हिब्रू ‘शेम’मध्येही आहे. ह्या आधारे ‘देवाचा वंशज’ असाही अर्थ सुचविण्यात आला आहे.

ह्या घडणीची नावे इझ्राएली राज्याच्या पुष्कळ आधी प्रचारात होती. बॅबिलनच्या पहिल्या राजघराण्याचा संस्थापक सुमु-अबुम व त्याच्यानंतरचा सुमु-ला-एल ह्यांच्या अमोराइट नावांतील ‘सुमु’ हा हिब्रू ‘शेम’चाच सगोत्र शब्द आहे. दक्षिण मेसोपोटेमियातील लार्सा येथे सु. इ. स. पू. १८९४ ते १८६६ ह्या काळात राज्य करणाऱ्या राजाचे नाव सुमु-एल असे होते. त्याचे दोन्ही घटक शमूएल ह्या नावाशी मिळतेजुळते आहेत. तेव्हा संदेष्टा शमुवेल ह्याच्या जन्मापूर्वी सु. आठ शतके ह्या प्रकारचे नाव पश्चिम सेमिटिक लोकांत वापरात होते, असे म्हणता येते.

शमुवेलाच्या कुटुंबातील नावेही ह्या संदर्भात लक्षणीय आहेत. त्याच्या पित्याचे नाव एलकाना. त्यातही ‘एल’ असून ‘एलने निर्मिले’ किंवा ‘एलने मिळवून दिले’ असा त्याचा अर्थ आहे. शमुवेलाच्या मुलांची नावे मात्र योएल (याहवे हाच देव) आणि अबीया (याहवे माझा पिता) अशी असून दोहोंतही याहवे म्हणजे यहोवा हे इझ्राएलच्या देवाचे खास नाव गुंफलेले आहे. एका कुटुंबावरून समाजातील धार्मिक स्थित्यंतराचे अनुमान काढणे धाडसाचे ठरेल, कारण दोन्ही प्रकारची नावे दीर्घकाळ एकत्र नांदत होती. तथापि राजेशाहीच्या काळात याहवेघटित नावांचे प्रमाण वाढत गेले, ह्या सर्वसाधारण प्रवृत्तीशी ही उदाहरणे सुसंगत आहेत.

बायबलमधील कथा : ‘१ शमुवेल’ ह्या ग्रंथाच्या आरंभी ह्या नावाची उपपत्ती कथारूपाने येते. एफ्राइमच्या डोंगराळ प्रदेशात राहणाऱ्या एलकानाला हन्ना व पनिन्ना अशा दोन बायका होत्या. पनिन्नेला मुले होती. हन्ना निपुत्रिक असल्याने तिला सवतीचे टोमणे सोसावे लागत. शिलो येथील मंदिरात वार्षिक यज्ञासाठी गेली असता, मुलगा झाल्यास तो आयुष्यभर परमेश्वराच्या सेवेत देईन व त्याच्या डोक्याला वस्तरा लावणार नाही, असा नवस ती करते. ती मनात प्रार्थना करीत असता तिचे ओठ तेवढे हलत होते. ते पाहून एली हा याजक तिला मद्यधुंद समजला. परंतु खरा प्रकार कळल्यावर त्याने तिला आशीर्वाद दिला. पुढे मुलगा झाल्यावर, आपण तो परमेश्वरापाशी मागून घेतला, असे कारण देऊन हन्नेने त्याचे नाव शमुवेल ठेवले. दूध तुटल्यावर नवसाप्रमाणे तिने त्याला एलीच्या स्वाधीन केले.

अडचण अशी, की हिब्रूत ‘मागणे’ ह्या अर्थाचा धातू ‘शा-अ-ल’ हा आहे आणि शमूएल हे नाव त्यापासून सिद्ध होत नाही. ह्या धातूपासून सरळ सिद्ध होणारे नाव ‘शाऊल’, म्हणजे ‘मागितलेला’, हे होय. आणि ते इझ्राएलचा पहिला राजा शौल ह्याचे आहे. कथेच्या अखेरीस हन्ना मुलाला परमेश्वरार्पण करते, त्या वाक्यात ‘शाऊल’ हा शब्द जसाच्या तसा येतो.

निरनिराळ्या उपपत्ती : ही विसंगती दूर करण्याचे प्रयत्न प्राचीन काळापासून झाले आहेत. पहिल्या शतकातील ज्यू इतिहासकार जोसीफस ह्याने नावाचा अर्थ ‘देवापाशी मागितलेला’ असाच दिला आहे. ‘शाऊल मेएल’ (देवापासून मागितलेला) ह्या शब्दांचा संक्षेप होऊन शमूएल हे रूप झाले, असे परंपरागत स्पष्टीकरण आहे. परंतु त्यासाठी पहिल्या शब्दातील दोन व्यंजने गाळावी लागतात. ‘शामा’ (ऐकणे) ह्या धातूवरून ‘देवाने ऐकले’ असाही अर्थ लावला जातो व नावांच्या लोकप्रिय पुस्तकांतून तो वारंवार आढळतो. तथापि ह्या धातूच्या अंती ‘आयिन’ हे व्यंजन आहे. इश्माएल ह्या नावात ते टिकून राहिले आहे. शमूएल ह्या नावात त्याचा मागमूस नाही. त्यामुळे हा अर्थही ग्राह्य ठरत नाही.

ही जन्मकथा मुळात शौल राजाची असावी व नंतर ती शमुवेलाला जोडली गेली असावी, असे मत विसाव्या शतकात काही अभ्यासकांनी मांडले. ‘शाऊल’ ह्या शब्दाच्या उपस्थितीचा उलगडा त्यामुळे होतो. परंतु शिलो, एली आणि मुलाचे मंदिरातील वास्तव्य हे कथेचे गाभ्याचे घटक शौलाच्या चरित्रात कोठेही बसत नाहीत. म्हणून इतर अभ्यासक हा शब्दश्लेष हेतुपूर्वक योजलेला मानतात. त्याच ग्रंथात पुढे लोक शमुवेलाकडे राजाची मागणी करतात, तेथेही हाच धातू येतो. हन्नेने मागितलेला पुत्र आणि लोकांनी मागितलेला राजा ह्यांची तुलना वाचकाच्या मनात निर्माण व्हावी, असा लेखकाचा उद्देश असावा. मातेने मागून घेतलेला मुलगा परमेश्वराला परत दिला. लोकांनी मागून घेतलेला राजा मात्र शेवटी परमेश्वराच्या मर्जीतून उतरला, असा हा विरोध आहे.

नादसाम्याच्या आधारे नावाला कथेतून अर्थ देण्याची पद्धत बायबलमध्ये सर्रास दिसते. ‘पाण्यातून बाहेर काढलेला’ असा मोशे ह्या नावाचा अर्थ निर्गम ह्या ग्रंथात दिलेला आहे. भाषाभ्यासक मात्र ह्या नावाचा संबंध ‘जन्मणे’ ह्या अर्थाच्या ईजिप्शियन धातूशी जोडतात. अशा उपपत्तींकडे व्याकरणातील चुका म्हणून पाहणे योग्य नाही. शब्दाचे मूळ शोधणे हा त्यांचा हेतू नसून त्या व्यक्तीचे जीवितकार्य तिच्या नावात दाखविणे हा आहे. शमूएल ह्या नावाची प्राचीनता व्याकरणावरून कळते. परंतु ते पुढील पिढ्यांनी का जपले, ह्याचे उत्तर हन्नेच्या कथेत मिळते. ज्यू नववर्षाच्या (रोश हाशाना) पहिल्या दिवशी सभास्थानात ही कथा वाचली जाते आणि तालमूदमध्ये हन्नेची निःशब्द प्रार्थना हा प्रार्थनेचा आदर्श मानलेला आहे.

प्रसार : बायबलमध्ये हे नाव आणखी दोघांचे आढळते : एक शिमोन वंशातील, अम्मीहूदाचा मुलगा (गणना ह्या ग्रंथात) व दुसरा इस्साखार वंशातील, तोलाचा मुलगा (१ इतिहास ह्या ग्रंथात). पुढील ज्यू इतिहासात अनेक थोर व्यक्ती ह्या नावाच्या झाल्या. बॅबिलोनियातील नेहर्देआ येथील तिसऱ्या शतकातील धर्मपंडित शमूएल ह्याने, ज्या राज्यात ज्यू राहतात त्या राज्याचा कायदा त्यांच्यावर बंधनकारक आहे, हे तत्त्व मांडले. परदेशांत विखुरलेल्या ज्यूंच्या नागरी जीवनाचा तो आधार ठरला. शमूएल हानागिद (९९३–१०५६) हा ग्रानाडाच्या मुस्लिम राज्याचा वजीर व हिब्रू कवी होता. शमूएल इब्न तिब्बोन ह्याने मायमॉनिडीझच्या प्रमुख तत्त्वज्ञानविषयक ग्रंथाचा अरबीतून हिब्रूत अनुवाद केला (१२०४). आधुनिक काळात शमूएल योसेफ अग्नोन (१८८८–१९७०) ह्या हिब्रू कादंबरीकाराला १९६६ चे साहित्याचे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले.

अरबीत ह्या नावाचे ‘समौअल’ असे रूप झाले. सहाव्या शतकातील समौअल इब्न आदिया हा ज्यू अरब कवी विश्वासूपणाबद्दल अरबी म्हणींत अमर झाला आहे. कुराणात इझ्राएली लोक आपल्या एका संदेष्ट्याकडे राजा मागतात, असा प्रसंग आहे. तेथे संदेष्ट्याचे नाव नाही, परंतु भाष्यकार त्याला शमुवेल मानतात. ग्रीक भाषेत ‘श’ हा वर्ण नसल्याने ‘सामुएल’ हे रूप झाले व ख्रिस्ती जगात तेच पसरले. बल्गेरियाचा झार सामुइल (कार. ९९७–१०१४) हे त्याचे पूर्व यूरोपातील उदाहरण होय. इंग्लंडमध्ये धर्मसुधारणेनंतर प्रॉटेस्टंट कुटुंबांत जुन्या करारातील नावांची आवड वाढली व सॅम्युएल हे नाव सामान्य झाले.

बेने इझ्राएल समाजातील रूप : कोकण किनाऱ्यावरील बेने इझ्राएल समाजाच्या परंपरेनुसार, नौगावजवळ जहाज फुटून त्यांचे पूर्वज किनाऱ्याला लागले व त्यांचे धर्मग्रंथ बुडाले. तेलाचे घाणे चालविणारा आणि शनिवारी काम बंद ठेवणारा हा समाज ‘शनिवार तेली’ म्हणून ओळखला जाई. त्याची बोली मराठी आणि आडनावे गावांवरून पडलेली होती. पुरुषांची बायबलमधील नावे मात्र मराठी वळणाने टिकून राहिली. अब्राहामचे अब्राजी, इसहाकचे इसाजी, यहेज्केलचे हसाजी व शमूएलचे सामाजी झाले. ह्या रूपात देवाचा वाचक ‘एल’ हा घटक गळून त्याच्या जागी मराठीतील आदरार्थी ‘जी’ आला.

सामाजी हसाजी दिवेकर (सॅम्युएल एझिकेल दिवेकर) हा ह्या नावाचा समाजातील सर्वांत स्मरणीय पुरुष होय. तो ईस्ट इंडिया कंपनीच्या सैन्यात अधिकारी होता. दुसऱ्या इंग्रज-म्हैसूर युद्धात (१७८०–८४) तो टिपू सुलतानाच्या कैदेत सापडला. परंपरेनुसार, सुटकेबद्दलची कृतज्ञता म्हणून त्याने १७९६ मध्ये मुंबईच्या मांडवी भागात सभास्थान बांधले. ‘शाअर हाराहामीम’ म्हणजे दयेचे द्वार ह्या नावाचे हे सभास्थान बेने इझ्राएलांचे मुंबईतील पहिले होय. ते ज्या रस्त्यावर आहे, त्याला सॅम्युएल स्ट्रीट हे नाव त्याच्यावरूनच पडले.

कोचीन येथील ज्यूंशी आलेला संबंध आणि एकोणिसाव्या शतकातील मिशनरी शिक्षण ह्यांमुळे समाजाला हिब्रूचा नव्याने परिचय झाला. जॉन विल्सन ह्यांनी हिब्रू व्याकरणाची मूलतत्त्वे मराठीत लिहिली (१८३२). ह्याच काळात सामाजी, हसाजी ही रूपे मागे पडून इंग्रजी वळणाची सॅम्युएल, एझिकेल ही रूपे रूढ झाली. बेने इझ्राएलांचा इतिहास लिहिणारे हाईम सॅम्युएल केहिमकर (ग्रंथाचे प्रकाशन १९३७) ह्यांच्या नावात हा बदल दिसतो : स्वतःचे नाव हिब्रू, वडिलांचे नाव इंग्रजी रूपातले आणि आडनाव अलिबागजवळील किहीम गावावरून आलेले. अशा रीतीने धर्मग्रंथातील शमुवेल, बोलीतील सामाजी व शाळा-कचेरीतील सॅम्युएल अशी एकाच नावाची तीन रूपे मराठीत आली. त्यांपैकी सामाजी हे रूप आता प्रचारात राहिलेले नाही. परंतु हिब्रू लिपी व ग्रंथ ह्यांच्याशी संबंध क्षीण झालेल्या काळात समाजाचे प्राचीन परंपरेशी असलेले नाते सांगणारा तो एक महत्त्वाचा पुरावा होय.