काल पोहोंचणारा निरोप

पुढच्या पिढ्यांस निरोप पाठविण्याचीं साधनें मनुष्यानें फार प्राचीन काळींच शोधून काढलीं. शिलालेख, ताम्रपट, पोथ्या हीं सारीं त्याच जातीचीं. चंद्रसूर्य असेपर्यंत आपलें दान चालावें म्हणून तें ताम्रपटावर कोरविणारा राजा आपल्या अज्ञात वंशजांशींच बोलत असे. परंतु होऊन गेलेल्यांस निरोप धाडण्याचें साधन कोणासहि सांपडलें नाहीं. आणि खरी तळमळ तर त्याचीच. घडलेली चूक टळावी म्हणून वडिलांच्या वा आजोबांच्या कानांत दोन शब्द सांगतां आले असते तर, असें ज्यास कधींच वाटलें नाहीं असा मनुष्य विरळा. ही तळमळ विसाव्या शतकांत एका काल्पनिक यंत्राच्या रूपानें विज्ञानाच्या दाराशीं कशी येऊन उभी राहिली, याची हकीकत उद्बोधक आहे. ती वाचकांपुढें थोडक्यांत ठेवण्याचें आम्हीं योजिलें आहे.

या यंत्राचें मूळ गणितांत आहे. आइन्स्टाईन यांनीं १९०५ सालीं सापेक्षतेचा सिद्धांत मांडला. परस्परांपासून पुरेशा दूर घडलेल्या दोन घटनांपैकीं आधींची कोणती, हें पाहणाऱ्याच्या गतीवर अवलंबून असूं शकतें, असा त्यांतील एक चमत्कारिक निष्कर्ष होता. प्रकाशाहून वेगानें कांहींच जात नाहीं तोंपर्यंत यांत धोका नाहीं. कारण ज्या घटनांचा क्रम असा उलटतो, त्यांपैकीं एकीचा परिणाम दुसरीवर होऊंच शकत नाहीं. पण प्रकाशाहून जलद असा दूत मिळाला, तर कारणाच्या अगोदर कार्य घडण्याचा प्रसंग ओढवेल, हें आइन्स्टाईन यांनीं स्वतःच १९०७ सालीं दाखविलें. रिचर्ड टोलमन या अमेरिकन शास्त्रज्ञानें १९१७ सालच्या आपल्या ग्रंथांत हाच मुद्दा पुन्हा मांडला. पुढें त्यास असें रूप आलें: दोन केंद्रें एकमेकांपासून अतिशय वेगानें दूर जात आहेत, एकानें हा जलद निरोप धाडला, दुसऱ्यानें तशाच दूताकरवीं तत्काळ उत्तर दिलें, तर तें उत्तर मूळ निरोप निघण्यापूर्वींच पहिल्याच्या हातीं पडूं शकेल!

कथाकारांनीं ही संधि सोडली नाहीं. जेम्स ब्लिश यांच्या १९५४ सालच्या 'बीप' या कथेंत असेंच एक यंत्र आहे. त्याच्या प्रत्येक संदेशाच्या आरंभीं एक क्षणिक, कंटाळवाणा आवाज येतो. आणि त्या आवाजांतच आजवर धाडलेले व पुढें धाडले जाणारे सर्व निरोप कोंबलेले असतात, असें शेवटीं उघडकीस येतें.

इकडे १९६२ सालीं बिलानियुक, देशपांडे व सुदर्शन या तिघांनीं एक निबंध प्रसिद्ध केला. सुदर्शन हे केरळांत जन्मलेले, आणि देशपांडे हें आडनाव तर आमच्या वाचकांस परकें वाटणार नाहीं. मंद वस्तूस ढकलून प्रकाशाचा वेग ओलांडतां येत नाहीं हें खरें. परंतु जे कण जन्मतःच प्रकाशाहून वेगवान असतील त्यांस समीकरणांची आडकाठी नाहीं, असें त्यांचें म्हणणें. अशा कणांस १९६७ सालीं जेरल्ड फाइनबर्ग यांनीं 'टॅकिऑन' हें नांव दिलें. मग काळांत मागें जाण्याच्या आपत्तीचें काय? तिघांचें उत्तर चतुर होतें. ऋण ऊर्जा घेऊन मागें जाणारा कण म्हणजेच धन ऊर्जा घेऊन पुढें येणारा कण; एक पाहणारा ज्यास 'पाठविणें' म्हणेल, त्यास दुसरा 'घेणें' म्हणेल, इतकेंच.

बेन्फर्ड, बुक व न्यूकोम या त्रयीनें १९७० सालीं या उत्तरावर जो आक्षेप घेतला, तो साहित्यप्रेमी वाचकांस विशेष रुचेल. समजा, शेक्सपिअर अशा यंत्रावर 'हॅम्लेट' टंकित करीत आहे आणि दुसऱ्या टोकास बेकन बसला आहे. पाठविणारा व घेणारा हीं नांवें आपण खुशाल बदलूं; पण म्हणून बेकन 'हॅम्लेट'चा कर्ता ठरतो काय? मजकूर काय असावा हें शेक्सपिअरच ठरवितो. म्हणून कारण तोच. ज्ञानेश्वरी सच्चिदानंदबाबांनीं लिहून घेतली, तरी त्यांस कोणी ग्रंथकर्ते म्हणत नाहीं, तसाच हा न्याय. कण कोणत्या दिशेनें गेला याविषयीं मतभेद चालेल; अर्थ कोणाचा याविषयीं चालणार नाहीं.

याच बेन्फर्ड यांनीं पुढें १९८० सालीं 'टाइमस्केप' ही कादंबरी लिहिली. तिच्यांतील १९९८ सालचें जग शेतींतील रासायनिक द्रव्यांमुळें समुद्र नासल्यानें विनाशाच्या कडेवर उभें आहे, आणि केंब्रिजचे शास्त्रज्ञ टॅकिऑनांच्या द्वारें १९६२ च्या सुमारास मोर्स लिपींत इशारा धाडतात. कॅलिफोर्नियांतील एका तरुण शास्त्रज्ञास तो आपल्या प्रयोगांत निव्वळ खरखर म्हणून भेटतो. ती खरखर नसून भाषा आहे असें तो सांगूं लागतो, तेव्हां त्याचे वरिष्ठहि त्यावर विश्वास ठेवीत नाहींत.

प्रत्यक्षांत टॅकिऑन अद्याप कोणास सांपडलेला नाहीं. २०११ सालीं जिनीव्हाजवळून इटलींत सुमारें ७३० किलोमीटर गेलेले न्यूट्रिनो कण प्रकाशाहून ६० अब्जांश सेकंद आधीं पोहोंचले, अशी वार्ता उठली खरी. पण एक तार नीट बसविलेली नव्हती, हें त्याचें मुख्य कारण पुढच्याच वर्षीं उघड झालें.

तरीहि या हकीकतींतील एक गोष्ट आमच्या मनांतून जात नाहीं. बेन्फर्ड यांनीं कल्पिलेला इशारा ज्या १९६२ सालीं पोहोंचतो, त्याच सालीं रेचेल कार्सन या विदुषीचें 'सायलेंट स्प्रिंग' हें पुस्तक खरोखरच प्रसिद्ध झालें. कीटकनाशकांनीं पक्षी, मासे व माती यांचा कसा घात होत आहे, तें तिनें साध्या छापील अक्षरांत सांगितलें. त्यास ना टॅकिऑन लागला, ना मोर्स लिपि. रसायनांच्या उद्योगानें तिच्यावर कडाडून टीका केली. १९६४ सालीं ती वारली. आणि तिच्या देशांत डी. डी. टी.च्या शेतींतील वापरास बंदी आली ती १९७२ सालीं. निरोप वेळेवर आला होता. तो ऐकावयास दहा वर्षें लागलीं. भूतकाळास इशारा देणारें यंत्र उद्यां कोणी घडविलें, तरी त्याच्या दुसऱ्या टोकास बसणारा मनुष्य तुमच्याआमच्यासारखाच असणार. तेव्हां आज आपल्या टेबलावर न वाचतां पडलेले निरोप कोणते, हें आधीं पाहणें आम्हांस अधिक अगत्याचें वाटतें.