सामाजी, हसाजी आणि नोआ

इंद्रायणीकाठी, मोशीतल्या आमच्या घरी सूनबाईनं नातीसाठी नाव काढलं, नोआ. ‘आई, हिब्रू आहे. अर्थ विसावा.’ मी रेवदंड्याची. नाव ओळखीचं वाटलं, अर्थ खटकला. हिब्रू अक्षरं मला शाळेतल्या बेने इस्रायल, म्हणजे कोकणातल्या ज्यू, मैत्रिणीनं पाटीवर शिकवली होती. कागद घेऊन बसले.

विसावा हा अर्थ जलप्रलयातल्या नोआखचा. त्या पुरुषनावात दोनच अक्षरं, नून आणि हेत. मुलीच्या नोआत नून, ऐन, हे, अर्थ हालचाल. बायबलात सलाफहादच्या पाच मुलींपैकी ही एक. बापाच्या वतनात वाटा मागायला त्या थेट मोशेपुढे उभ्या राहिल्या. देवनागरीत दोन्ही नावं कधीकधी ‘नोआ’ अशीच लिहिली जातात, म्हणून घोटाळा होतो.

अशी हिब्रू नावं मराठीत जुनीच. अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटलं, सात पुरुष नि सात बायका वाचल्या, अशी बेने इस्रायलांची परंपरा. ते तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी बंद ठेवत. माझी आजी त्यांना ‘शनवार तेली’च म्हणायची. अब्राहमचा आबाजी झाला, इसहाकचा इसाजी, मोशेचा मुसाजी. आडनावं गावांवरून आली. दिवेआगरचे दिवेकर, किहीमचे केहिमकर. ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेतले सामाजी हसाजी दिवेकर टिपू सुलतानाच्या कैदेतून सुटले आणि १७९६ मध्ये त्यांनी मुंबईत सिनेगॉग बांधलं. सामाजी म्हणजे सॅम्युएल, हसाजी म्हणजे एझिकेल. हिब्रू नाव असं ‘जी’ लावून घरचं करून घेणारी मराठी मला फार मोठी वाटते.

एकोणिसाव्या शतकात मिशनऱ्यांच्या शाळा आल्या, मराठी बायबल आलं, आणि बेने इस्रायलांची नातवंडं नावांची इंग्रजी रूपं लावू लागली. ‘बूट पॉलिश’ चित्रपटात जॉन चाचा रंगवणारे अभिनेते डेव्हिड आठवा. त्यांचं पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. गाव तेवढं मराठी उरलं.

उगम आणि अर्थ मात्र वेगवेगळे तपासावेत. मोशे म्हणजे ‘पाण्यातून काढलेला’, असं बायबल सांगतं. पुष्कळ अभ्यासक ते मूळ मिसरी नाव मानतात, अर्थ ‘जन्मलेला’. थुतमोस या मिसरी राजाच्या नावातला ‘मोस’ तोच.

सूनबाईनं कागद वाचला, पाळण्यात पाय झाडणाऱ्या पोरीकडे पाहिलं आणि नोआच ठेवलं, हालचाल या अर्थानं. तुम्हीही हिब्रू नाव ठेवणार असाल तर बारशाआधी मूळ अक्षरं लिहून घ्या.